गाळलेलं वाक्य

१

मंगळवारी दुपारी चणे निवडायचे आणि कथा सांगायची, हे त्या घरात इतकं अंगवळणी पडलं होतं की कोणी त्याला व्रत म्हणत नसे. परातीत चणे, शेजारी खडीसाखर आणि वाळलेली तुती, तेलात तळलेल्या पोळ्यांची चवड, धुपाटण्यात तडतडणारे हरमलाचे दाणे. आई भिंतीला टेकून सांगायची. समोर तिची धाकटी बहीण किश्वरखाला हुंकार द्यायची. एका वाक्याला एक 'हो'. हुंकाराविना वाक्य जमिनीवर पडू द्यायचं नाही, मध्येच उठायचं नाही, आणि एका कथेला मागणं एकच. इराणातल्या तफ्त गावच्या जरथुष्ट्री मोहल्ल्यात हे नियम शेंबड्या पोरींनाही ठाऊक होते.

नवरोजनंतर तेराव्या दिवशी आई हौदाच्या कडेला कोसळली. जीव वाचला, वाचा गेली. उजवी बाजू लुळी पडली. डोळे मात्र पूर्वीसारखेच होते, सगळं समजणारे.

"मंगळवार मोडायचा नाही," किश्वरखाला म्हणाली. "तू सांग, गोहर. मी हो म्हणते."

गोहर आनंदाने तयार झाली. ती पंचविशीची होती, गावातल्या शाळेत शिकवत होती, आणि तेहरानला असल्यापासून जुन्या कथांचा अभ्यास करत होती. हीच कथा तिने मोहल्ल्यातल्या सात बायकांकडून वहीत उतरवून घेतली होती. प्रत्येकीने शेवटी आपापलं काहीतरी चिकटवलेलं. कोणी नवऱ्याचा मोतीबिंदू, कोणी कोर्टातला खटला. गोहरने ते सगळं लाल शाईने खोडून मूळ कथा वेगळी काढली होती, बरोबर एक्केचाळीस वाक्यांची. तीन हजार वर्षांची गोष्ट, म्हणायची ती, आणि तुम्ही तिला घरातल्या खुंटीसारखं वापरता, दिसेल ते अडकवता. त्यावर खाला म्हणायची, "तुझ्या वहीला पाय फुटले तर लग्नही तीच करेल. तू बस खोडत."

कथा साधी होती. जमिनीखालून पाण्याचं भुयार खणणारा एक माणूस माती ढासळून खाली अडकला. त्याची मुलगी विवराच्या तोंडाशी बसून रडू लागली. तेव्हा परीराजाची लेक आली आणि म्हणाली, रडू नकोस, बोल. तू बोलत राहा, तो खालून हो म्हणेल, आणि जोवर हो म्हणतोय तोवर तो मातीचा नाही. मुलगी चाळीस दिवस बोलली. चाळिसाव्या दिवशी बाप वर आला. जसा तो आला, तसा ज्याचा त्याचा माणूस येवो.

इथे कथा संपायची. आई मात्र आणखी एक वाक्य बोलायची: आणि बहमन घरी आला.

बहमन गोहरचा थोरला भाऊ. तो आणि खालाचा मुलगा खोदादाद एकाच ट्रकमधून युद्धावर गेले, दक्षिणेच्या दलदलीत. दोघे मारले गेल्याची बातमी एकाच दिवशी आली. मग सव्वा महिन्याने, एका मंगळवारी, बहमन परतला. खोदादाद नाही. तेव्हा गोहर तेहरानला परीक्षेत अडकली होती; ती आली तर बहमन अंगणात डाळिंब खात बसलेला. "मास्तरीणबाई, उशीर केलात," एवढंच म्हणाला. कागदात चूक झाली असेल, असं सगळे म्हणाले. सुखात कोण उलटतपासणी करतो? त्याला आता सात वर्षं झाली होती.

त्या मंगळवारी गोहरने एक्केचाळीस वाक्यं सांगितली, एकही जास्त नाही. शेवटच्या हुंकारानंतर किश्वरखालाचं तोंड पुढच्या 'हो'साठी उघडंच राहिलं. खाटेवर आईची डावी मूठ भिंतीवर आपटायला लागली.

"तुझी आई आणखी एक सांगायची," खाला म्हणाली.

"ते कथेत नाही, खाला. बाकीच्या सहाजणी कुठे सांगतात?"

खालाला काही बोलता आलं असतं. पण तिने चणे ओढणीच्या टोकात बांधले, "तू शिकलेली," असं म्हणाली आणि गेली.

२

बहमन डाळिंबाच्या बागेत कामाला होता. बाग घरापासून दहा मिनिटांवर, पाटाच्या कडेकडेने. तो बाराला जेवायला यायचा. इतका वक्तशीर, की शेजारीण त्याच्या पावलांवर भात उतरवायची.

बुधवारी तो चार वाजता आला. ताटात कालवण गोठून गेलं होतं.

गोहरने कुठे होतास म्हणून विचारलं तर म्हणाला, रस्त्यात. आणि जेवायला बसला. त्याने दाराशी काढून ठेवलेले बूट उचलून ठेवताना तिच्या हाताला ओल लागली. तळव्यांना काळा, चिकट चिखल होता. त्याला कुजलेल्या वेतासारखा वास येत होता. तफ्तला दोन महिने पाऊस नव्हता आणि इथली माती पिवळी. भिजली तरी पिवळीच राहते.

"पाटात पाय गेला," बहमन घास घेत म्हणाला. "एवढं काय त्या बुटांना हुंगतेस? तुझ्या वहीत लिहायचेत?"

ती हसली. पाटाच्या तळाशी साचत असेल असला गाळ. तिने बूट धुतले. चिखल निघेपर्यंत तीन बादल्या पाणी लागलं.

गुरुवारी नान आणायला गेली तर भट्टीवाल्या उस्ता यदुल्लाने न विचारता दोन नान तिच्या हातावर ठेवले. तीन, ती म्हणाली. त्याने भट्टीत फळी सरकवत विचारलं, कोणी पाहुणा आलाय का? गोहरला वाटलं, थट्टा करतोय. सात वर्षं हा माणूस त्यांना नान देत होता. रोज तीन. बहमन त्याच्याकडे बसून चहा पीत असे.

"भाऊ आहे ना माझा," ती म्हणाली.

उस्ता यदुल्लाने मान वर करून पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. आईच्या दुखण्याने पोरगी खचली असेल, असा चेहरा होता तो. त्याने तिसरा नान दिला आणि त्याचे पैसे घेतले नाहीत.

३

पुढच्या मंगळवारी गोहरने आणखी चांगली कथा सांगितली. आवाज लागला होता, वाक्यं तालात पडत होती. आपल्या तोंडून फार जुनं, फार स्वच्छ असं काही वाहतंय असं तिला वाटलं. परीराजाची लेक विवराशी येते त्या वाक्याला खालाचा हुंकारही कापरा झाला.

आईची मूठ पहिल्या वाक्यापासूनच आपटत होती. बोटांची सालं निघाली. डॉक्टरने सांगितलंच होतं, अशा रोग्यांना कारण नसताना रडू येतं, हात-पाय झाडले जातात. म्हणून गोहरने मध्ये न उठता, सांगता सांगताच, हात लांबवून आईची मूठ मऊ फडक्यात गुंडाळली आणि खाटेच्या दांडीला बांधून टाकली. प्रेमाने बांधली. आईचे ओठ एका बाजूला ओढले गेले, लाळ गळली, डोळ्यांतलं पाणी कानापर्यंत गेलं. 'ब' उच्चारताना ओठ मिटतात तसे ते पुन्हा पुन्हा मिटत होते.

एक्केचाळिसावं वाक्य. हो. संपलं.

खालाने या वेळी वाट पाहिली नाही. ती लगेच उठली.

बहमन दिवेलागणीला आला. चिखल गुडघ्यापर्यंत होता. तो उंबऱ्यावर एक पाय आत, एक बाहेर असा उभा राहिला आणि बराच वेळ तसाच उभा होता. हात धरून आत घ्यावा लागला.

"घर दिसत होतं," तो म्हणाला. "म्हणजे भिंत, दार, सगळं. मी चालत होतो, गोहर. पावणेबाराला निघालो. पण..."

पुढचं तो बोललाच नाही. आठवत नसावं असं नाही. वाक्य तिथे संपूनच गेल्यासारखं तो शांतपणे बसून राहिला. त्या दिवसापासून तो कुठलंच वाक्य पुरं करीना. मीठ दे तर, उद्या बागेत पाणी, आईला जरा.

गोहर विचारी मुलगी होती. रात्रभर तिने विचार केला. युद्धातून परतलेल्यांना वर्षांनंतरही धक्के बसतात, हे तिने वाचलं होतं. माणूस चालत राहतो, भान राहत नाही. यज्द शहरात असा डॉक्टर होता. चिखलाचं उत्तर तिच्याकडे नव्हतं. पण एका प्रश्नाचं उत्तर नसलं म्हणून बाकीची उत्तरं खोटी ठरत नाहीत. तिने डॉक्टरचं नाव कागदावर लिहून उशीखाली ठेवलं.

तिसऱ्या मंगळवारी तिने कथा सांगितली. आईचा हात आधीच बांधून ठेवला होता.

त्या दिवशी बहमन आलाच नाही. बुधवारी दुपारी आला. ओठ फुटलेले, डोळे खोल गेलेले, केसांत वेताची कुसळं. त्याने आईच्या खाटेजवळ बसून तिच्या पायांवर डोकं ठेवलं. गोहर पाणी घेऊन आली तेव्हा आई बहमनकडे बघत नव्हती, गोहरकडे बघत होती. रागाने नाही. बुडणारा माणूस काठावर गप्पा मारणाऱ्याकडे बघतो, तशी.

४

शुक्रवारी शाळा नव्हती. बहमन सकाळी बागेत गेला. साडेअकराला गोहर गच्चीवर कपडे वाळत घालायला गेली. ऊन पांढरं होतं. घरात वारा ओढणाऱ्या मनोऱ्याची सावली पायाशी गोळा झाली होती. गच्चीवरून खालची बोळ सरळ दिसते: दोन्ही बाजूंना मातीच्या उंच भिंती, डाव्या भिंतीत निळं दार, त्यापुढे अंजिराची एक फांदी बाहेर आलेली, मग आपलं घर.

बहमन बोळीत होता. घराकडे येत होता.

तिला हायसं वाटलं. तिने चादर पिळली, झटकली, दोरीवर टाकली. बघितलं. तो निळ्या दारापाशी होता. तिने आईचे दोन झगे वाळत टाकले. तो निळ्या दारापाशी होता. पावलं पडत होती, हात हलत होते, खांदे पुढे झुकले होते, चढावर चालताना झुकतात तसे. पण निळं दार त्याच्या मागे जात नव्हतं.

उन्हाने डोळे दिपतात. गोहरने डोळे मिटले, दहा आकडे मोजले, उघडले. आता तो निळ्या दाराच्या थोडा पलीकडे होता. घरापासून लांब. तोंड घराकडेच. चालणं घराकडेच.

ती जिने उतरून, अंगण ओलांडून, बोळीत धावली. अंजिराची फांदी, निळं दार. वीस पावलं. बोळ रिकामी होती. भिंतीची माती उन्हाने तापली होती आणि तिच्यावर बोट ठेवलं तर चटका बसत होता. जमिनीवर पावलांचे ठसे नव्हते, पण दारासमोरच्या धुळीत एक जागा ओली होती, आणि ती ओल तिच्या डोळ्यांसमोर वाढत, पसरत होती, खालून पाणी भरावं तशी.

ती परत गच्चीवर गेली. तो होता. बोळीच्या टोकाशी, बोटाएवढा. चालत होता. आणि आता त्याने मान वर केली आणि गच्चीवर उभ्या असलेल्या बहिणीकडे पाहिलं. एवढ्या लांबून चेहरा दिसायला नको होता, पण दिसला. त्यावर भीती नव्हती. कंटाळा होता. सात वर्षं चाललेल्या माणसाचा असतो तो.

५

किश्वरखाला घरात एकटीच होती. नवरा कधीचा गेलेला. कोनाड्यात खोदादादचा फोटो, एकोणीस वर्षांचा, नुकती फुटलेली मिशी. फोटोसमोर डाळिंबाचे दाणे वाटीत ठेवले होते, रोज ठेवत असे. गोहर दारातूनच सगळं सांगायला लागली. खालाने चहा ओतला, साखरेचा खडा पुढे केला आणि शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

मग खाला बोलली. आवाज चढवून नाही. दोन्ही पोरं गेल्याची बातमी आली तेव्हा तुझी आई कथा सांगायला बसली, ती म्हणाली. दिवसातून सात-सात वेळा. शेवटी ते वाक्य. मी हो म्हणत गेले. लोक आम्हाला वेड्या म्हणाले. चाळिसाव्या दिवशी मंगळवार होता. तो आला, हौदावर हात धुतले आणि खायला काय आहे म्हणाला.

"आणि खोदादाद?"

"मी तिला म्हटलं, ताई, आता एक मंगळवार माझा. ती म्हणाली, एका कथेला एकच मागणं. खरंच होतं ते." खालाने बशीत सांडलेला चहा परत पेल्यात ओतला. "मी घरी येऊन एकटीने सांगून पाहिली. भिंतीला काय हुंकार फुटतो? माझे चणे चणेच राहिले. मग काय, सात वर्षं तिच्या पोराला हो म्हटलं. दर मंगळवारी. माझ्या तोंडाने."

गोहरला लाज वाटली, पण लाज वाटून घ्यायला तिला वेळ नव्हता. ती उठून उभी राहिली. आत्ताच चला, म्हणाली. मी सांगते. ते वाक्य घालून सांगते, शंभर वेळा सांगते. तुम्ही फक्त हो म्हणा.

"तुझ्या तोंडून नाही व्हायचं."

"का?"

"तू तोडलंस. ज्या तोंडाने तोडलं, त्या तोंडाने सांधत नाही."

सात बायकांकडून टिपलेल्या नियमांत हा नियम कुठेच नव्हता. दुसऱ्या कुठल्याही दिवशी गोहरने वही उघडून वाद घातला असता. पण गेल्या तीन आठवड्यांत तिचं ज्ञान तिच्या भावाला बोळीच्या टोकापर्यंत घेऊन गेलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा तिने न तपासता एक गोष्ट मानली.

"मी सांगेन," खाला म्हणाली. "तू हुंकार दे. पण एक लक्षात ठेव. एकदा सुरू केली की हुंकार अडवायचा नाही. वाक्य खाली पडलं तर माती सगळ्यांवर येते."

"नाही अडवणार."

"चणे घे वाटेत," खाला म्हणाली आणि आरशात बघून ओढणी नीट केली.

६

आईच्या खोलीत त्या दोघी बसल्या. वार मंगळवार नव्हता, तरी खाला म्हणाली चालतं. हरमलाचा धूर वर गेला. गोहरने आईचा हात हातात घेतला आणि तिच्या कानाशी वाकून सांगितलं की आता सगळं वाक्यासकट होणार आहे. आईने बहिणीकडे पाहिलं. मग गोहरकडे. तिची बोटं गोहरच्या तळव्यात इतकी रुतली की नखांच्या खुणा उठल्या. गोहरला वाटलं, आनंदाने.

"एक भुयार खणणारा होता," खाला म्हणाली.

"हो."

"त्याला एक मुलगी होती."

"हो."

खाला आईपेक्षा सुंदर सांगत होती. सात वर्षं नुसतं हो म्हणणाऱ्या बाईच्या पोटात एवढी कथा साठली असेल, हे कोणाला वाटलं नसतं. माती ढासळली, हो. खाली काळोख झाला, हो. वाक्यं छोटी होत गेली, जवळ जवळ आली. चणे परातीत टपटपत होते आणि त्याच तालात गोहरच्या तोंडून हुंकार पडत होता, श्वासासारखा, तिने न म्हणताच. मुलगी बोलत राहिली, हो. एक दिवस गेला, हो. दहा गेले, हो. तीस गेले, हो. बोळीत पावलं वाजायला लागली. दोघींनी ती ऐकली. लांबून येत होती आणि या वेळी खरोखर जवळ येत होती. गोहरच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. आईचा ओढलेला ओठ मिटत होता, उघडत होता.

"चाळिसाव्या दिवशी बाप वर आला."

"हो."

"जसा तो आला, तसा ज्याचा त्याचा माणूस येवो."

"हो."

"आणि खोदादाद घरी आला."

"हो," गोहर म्हणाली.

शब्द तोंडातून गेल्यावर तिने तो ऐकला. तिने हात तोंडावर दाबला, पण तोंडात आता काहीच उरलेलं नव्हतं. किश्वरखालाने परात बाजूला केली. तिच्या चेहऱ्यावर विजय नव्हता, ओशाळेपणाही नव्हता. गुडघ्यांवर हात टेकून ती उठली, जसं दारात कोणी आलं की कुठलीही बाई उठते.

अंगणाचं दार वाजलं. पावलं हौदापाशी थांबली. पाण्याचा आवाज झाला, हात धुतल्याचा. मग ती पावलं खोलीच्या दारात आली. बाहेरचं ऊन एवढं पांढरं होतं की चौकटीत फक्त काळी आकृती दिसत होती, बारीक, एकोणीस वर्षांच्या मुलाची. बुटांमधून उंबऱ्यावर पाणी निथळत होतं. तो आत आला नाही. खाटेकडे बघत अदबीने, दुखवट्याला आलेला माणूस उभा राहतो तसा उभा राहिला.

"मावशी, गोहर," तो म्हणाला. आवाज घोगरा होता, बरेच दिवस न वापरलेला. "मला आधीच यायला हवं होतं. आम्ही एकाच ट्रकमध्ये होतो. बहमन तिथेच राहिला."

आईच्या घशातून एक आवाज निघाला. गोहरने नको म्हणायला तोंड उघडलं, किंचाळायला उघडलं, पण तिच्याही आधी, शांतपणे, सात वर्षांच्या सवयीने, किश्वरखाला म्हणाली,

"हो."